नऊ नंबरचा नाला

१९ ऑगस्ट, सोमवार
लिंडेन फोर्क, मिशिगन. पोचलो. मोटेलची खोली नंबर चार. एका खिडकीतून बीटचं शेत दिसतं. दुसऱ्या खिडकीतूनही बीटचंच शेत.

माझ्या धंद्यातले सगळे सध्या अध्यक्षपदाच्या सभांमागे कॅमेरे घेऊन धावतायत. धावू देत. मी मुळापाशी आलोय. इथले लोक गवत कापायच्या लॉनमोवरवर बसून शर्यती लावतात. शर्यतीच्या मैदानात पाणी साचतं म्हणून त्यांनी काउंटीच्या नाले आयुक्ताच्या निवडणुकीत आपला उमेदवार उभा केलाय. ज्या देशात गटारावरून निवडणूक लढवली जाते, तो आतून किती धुमसत असेल हे ओळखायला नजर लागते. मला ती आहे. चौदा वर्षांपूर्वी एका महोत्सवाच्या परीक्षकाने तसं लेखी दिलं होतं. 'नजर आहे, विषय सापडो,' असं त्याचं नेमकं वाक्य होतं.

सिनेमाचं नाव वाटेतच ठरलं: 'पेटलेला देश'.

नियमही ठरले. पडद्यावर मी दिसणार नाही. माझा आवाज येणार नाही. कुणाला काही सुचवायचं नाही. लोकांनी मला विसरून जावं इतकं गप्प राहायचं. हे रोंडाला पाऊण तास समजावून सांगितलं. रोंडा पिकेट माझी ध्वनिमुद्रक, वीस वर्षं बरोबर आहे. ती म्हणाली, "गप्प राहायचं. कळलं."

२० ऑगस्ट, मंगळवार, सकाळ
पॉलेटच्या हॉटेलात नाश्ता. लोकांत मिसळावं म्हणून काल शेतीच्या दुकानातून टोपी घेतली होती, तीच घालून गेलो. कुणी वळूनसुद्धा पाहिलं नाही. मी आनंदात. मग कॉफी ओतता ओतता पॉलेट म्हणाली, "सिनेमावाले, टोपीचं लेबल काढायचं राहिलंय."

माहिती गोळा केली. डुएन क्रोझेक, वय सत्तर, अठ्ठावीस वर्षं नाले आयुक्त. अठ्ठावीस वर्षं. हुकूमशहासुद्धा एवढे टिकत नाहीत. त्याच्याविरुद्ध अर्लीन माउरर, वय त्रेसष्ट, विधवा, निवृत्त स्कूलबस ड्रायव्हर, लॉनमोवर क्लबची अध्यक्ष, अपक्ष. भांडण नऊ नंबरच्या नाल्याचं. तो अकरा वर्षं साफ झालेला नाही. दर वसंतात बर्फ वितळला की पाणी अर्लीनच्या शेतात शिरतं आणि तिच्या घराकडे जाणारा वेबर रोड पाण्याखाली जातो.

एका बाजूला खुर्चीला चिकटलेली सत्ता. दुसऱ्या बाजूला चिखलातून उठलेली जनता. मला आणखी काय पाहिजे?

२४ ऑगस्ट, शनिवार
पहिली शर्यत. अर्लीनच्या शेतातलं मैदान. मोवरची पाती काढून टाकलेली, इंजिनं घरी बसून बिघडवलेली, म्हणजे त्यांच्या भाषेत सुधारलेली. खाटीक, दाताचा डॉक्टर, चर्चचा पाद्री, सगळे हेल्मेट घालून गुडघे हनुवटीला लावून बसले होते.

मी कुणाला प्रश्न विचारला नाही. डॉक्टरच्या शेजारी उभा राहून फक्त मोठ्याने विचार केला की या देशातला सामान्य माणूस आज संतापलेला आहे. तो म्हणाला, "संतापलेला म्हणजे काय, वेडा झालोय मी. हा कार्ब्युरेटर बघ."

चाकाच्या उंचीवरून शॉट हवा होता म्हणून वळणावर आडवा झालो. शर्यत थांबवावी लागली. अर्लीन चालत आली आणि म्हणाली, "बाबा, मला या वर्षी मैदानाचा विमा पुन्हा भरायचाय." मग पिवळं चमचमतं जाकीट माझ्या अंगावर चढवलं. मैदानात असेपर्यंत काढायचं नाही अशी अट. पाव मैलावरून दिसतं.

संताप: नाही. धूळ: भरपूर.

३० ऑगस्ट, शुक्रवार
चर्चच्या हॉलमध्ये शुक्रवारची तळलेल्या माशांची पंगत असते. तिथे डुएन आणि अर्लीन समोरासमोर येणार, म्हणजे ठिणगी उडणार. दोन तास आधी जाऊन कॅमेरा लावला.

दोघं एकाच टेबलावर बसले. अर्लीनने स्वतःच्या ताटातली कोबीची कोशिंबीर डुएनच्या ताटात सरकवली, कारण तिला आवडत नाही. चाळीस वर्षं शेजारी आहेत. डुएन आणि अर्लीनचा नवरा जीन पहिलीपासून एका वर्गात. जीन दोन वर्षांपूर्वी गेला.

चित्रण पाठवल्यावर न्यूयॉर्कहून गॅबीचा फोन. गॅब्रिएला स्ट्राउड, माझी निर्माती. म्हणाली, "लायनस, मासे छान आहेत. संताप कुठाय?"
म्हटलं, आत आहे, उकळतोय.
"बाहेर कधी येणार?"
म्हटलं, मी ढवळाढवळ करत नाही.
ती म्हणाली, "तेच तर म्हणतेय."

६ सप्टेंबर, शुक्रवार
डुएनची मुलाखत. मुलाखत म्हणजे तो बोलला, मी मधेमधे हुंकार दिले. हुंकारांना आवाज म्हणत नाहीत.

काउंटीत चारशे बारा नाले. त्याने तीन तास नकाशे दाखवले. प्रत्येक नाल्याबद्दल तो एखाद्या नातेवाइकाबद्दल बोलावं तसं बोलतो. सत्तेचा माज किती खोलवर मुरतो ते बघा. नऊ नंबर का साफ होत नाही? तर म्हणे नाल्याच्या तोंडाशी डेट्रॉइटच्या एका माणसाची जमीन आहे आणि तो पोकलेन आत येऊ देत नाही. मग तुम्ही काय केलंत? डुएनने कपाट उघडून फाइल काढली. दरवर्षी एक नम्र पत्र, अशी अकरा पत्रं.

"मला भांडता येत नाही," तो म्हणाला. "अर्लीनला येतं. ती या कामाला चांगली आहे."

हे वाक्य त्याने मी बॅटरी बदलत असताना टाकलं. मुरलेला राजकारणी. प्रतिस्पर्ध्याची स्तुती करून तिला गाफील ठेवतो. गाडीत रोंडाला हे उलगडून सांगितलं. ती म्हणाली, "किंवा त्याला खरंच तसं वाटत असेल." वीस वर्षं माझ्याबरोबर राहून बाईला राजकारण कळलं नाही.

१४ सप्टेंबर, शनिवार
अर्लीनच्या घरी. ती स्वयंपाकघरात सफरचंदं सोलत होती. प्रकाश बरा नव्हता. बाहेर गोठ्यावर फाटका झेंडा, झेंड्याच्या काठीवर कावळा. असं दृश्य मागून मिळत नाही. रोंडाला म्हटलं तू बस, मी आलो. दीड तास लागला, कारण कावळा झेंड्याकडे पाठ करून बसत होता आणि मला त्याने समोर पाहायला हवं होतं.

परत येताना गाडीत रोंडाने सांगितलं. दोन वर्षांपूर्वीच्या एप्रिलमध्ये जीनच्या छातीत कळ आली, तेव्हा वेबर रोड पाण्याखाली होता. अँब्युलन्स पलीकडे अडकली. वळसा घ्यायचा तर अकरा मैल. जीन वाटेतच गेला. अर्लीन हे कुणाजवळ बोलत नाही. निवडणुकीला उभी राहिली तेव्हाही बोलली नाही.

मी विचारलं, रेकॉर्डिंग?
"बंद होतं."
बंद का?
"ती सफरचंदं सोलत होती. मीही सोलत होते."

गाडी बाजूला घेऊन दोन मिनिटं बसलो. वाईट वाटलंच, नाही असं नाही. पण सिनेमाचा कणा हाच, हे त्या दोन मिनिटांत दिसलं. माझी नजर.

१६ सप्टेंबर, सोमवार
अर्लीनला विचारलं. अगदी हळुवारपणे. कॅमेराही गाडीत ठेवला होता, हो म्हणालीच तर हाताशी असावा म्हणून गाडी दारातच उभी करून.

ती म्हणाली, "नाही."
म्हटलं, परवा रोंडाशी बोललात तसं, सहज.
"सहज बोलले होते, म्हणूनच नाही."

तिने बरणीभर सफरचंदाचा मुरंबा दिला आणि दार लावलं. दुःखाच्या पायऱ्या असतात. ही नकाराची पायरी. वाट पाहायची. शुक्रवारपर्यंत तरी.

२६ सप्टेंबर, गुरुवार
वाट पाहणं संपलं. गॅबीने तीन दिवसांत पाच फोन केले. म्हणते कावळा उत्तम आहे, पण तासभर कावळा कोण बघणार.

निर्णय: वादसभा. आमनेसामने, व्यासपीठ, जनता. ही ढवळाढवळ नव्हे. मी फक्त हॉल ठरवला, पोस्टर छापली, लावली, माइक मांडले आणि दोन्ही उमेदवारांना या म्हटलं. बाकी सगळं आपोआप घडणार.

डुएन म्हणाला, "पण आम्ही बोललोय की."
अर्लीन म्हणाली, "रोजच बोलतो."
दोघंही शेवटी हो म्हणाले, कारण मी पोस्टर लावून बसलोय आणि आता माझा पचका होईल असं पॉलेटने त्यांना सांगितलं. याला म्हणतात पत.

३ ऑक्टोबर, गुरुवार
आता मी इथला झालो. पॉलेटकडे शिरलं की लोक जागा करून देतात. काल कुणीतरी विचारलं, चौतीस नंबरच्या नाल्याचा उतार कुठल्या बाजूला? मी रुमालावर नकाशा काढून उत्तर दिलं. मग दुसऱ्याने विचारलं, मग तिसऱ्याने. पंधरा-वीस मिनिटं मी बोलत होतो आणि अख्खं हॉटेल शांतपणे ऐकत होतं. खाटीक तर टिपणं घेत होता. उठताना सगळे म्हणाले, "धन्यवाद, आयुक्तसाहेब."

रोंडा काउंटरवर कपाळाला हात लावून बसली होती. तिला विचारलं डोकं दुखतंय का. म्हणाली, "आता दुखायला लागलंय."

११ ऑक्टोबर, शुक्रवार, दुपार
संध्याकाळी वादसभा. तयारी पूर्ण. हॉलच्या मधोमध कॅमेरा. मी मागे, अदृश्य. पिवळं जाकीट सवयीने अंगावर आहे. थंडीत ऊबही देतं.

एकच चिंता. ही दोघं जर गोडगोड बोलत बसली तर? तसं झालं तर एक नागरिक म्हणून प्रश्न विचारायचा हक्क मला आहेच. मिशिगनचा नसलो म्हणून काय झालं.

१२ ऑक्टोबर, शनिवार
काल रात्री लिहिलं नाही.

हॉल भरला होता. पहिली वीस मिनिटं दोघं एकमेकांच्या सगळ्या म्हणण्याला हो म्हणत होते. नाला साफ व्हायला हवा, डुएन म्हणाला. अर्लीन म्हणाली बरोबर. मग अर्लीन म्हणाली पत्रं पाठवून भागणार नाही, जाऊन बसायला हवं. डुएन म्हणाला, "मान्य. मला ते कधी जमलं नाही." मागच्या रांगेत लोक खाण्याच्या टेबलावरच्या भोपळ्याच्या पेस्ट्रीकडे वळायला लागले.

मी उठलो. मी विचारलं, मिस्टर क्रोझेक, नऊ नंबरचा नाला वेळेवर साफ झाला असता तर दोन वर्षांपूर्वी अँब्युलन्स जीन माउररपर्यंत पोचली असती की नाही, आणि तो आज या हॉलमध्ये बसलेला असता की नाही?

डुएनने टोपी काढली. टोपी दोन्ही हातांत धरून बसून राहिला.

अर्लीन उभी राहिली. माइकपाशी गेलीच नाही. म्हणाली, "त्या दिवशी पाण्यात ट्रॅक्टर घातला तो या माणसाने. छातीएवढं पाणी होतं. जीनला त्याने एकट्याने उचलून आणलं आणि पलीकडे अँब्युलन्सपर्यंत नेलं. जीन गेला तेव्हा त्याचं डोकं याच्या मांडीवर होतं. दोन वर्षं झाली, आम्ही दोघं यावर एक शब्द बोललो नाही. बोलायची गरज नव्हती."

मग माझ्याकडे वळून म्हणाली, "हे तू कुणाकडून ऐकलंस ते मला ठाऊक आहे." पण पाहिलं तिने रोंडाकडे.

रोंडाने हेडफोन काढले, टेबलावर ठेवले आणि बाहेर गेली.

लोक उठले. पेस्ट्रीला कुणी हात लावला नाही. डुएनच्या खांद्यावर हात ठेवत एकेक जण निघून गेला. माझ्याजवळून जाताना कुणी काही बोललं नाही. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, सीन तरी झाला असता.

आज सकाळी चित्रण पाहिलं. प्रश्न विचारायला मी उठलो तो थेट कॅमेऱ्यासमोर जाऊन उभा राहिलो. साडेसात मिनिटं पडद्यावर फक्त पिवळं जाकीट आहे. आवाज अर्लीन बोलायला लागली तिथेच थांबतो. रोंडाने यंत्र तेव्हाच बंद केलं होतं.

रोंडाची खोली रिकामी. दारात चिठ्ठी: "अर्लीनकडे जातेय. माफी मागायला. ती आत घेईल की नाही माहीत नाही. तू येऊ नकोस." वीस वर्षांत ती पहिल्यांदा संतापली. संताप अखेर सापडला आणि तो टिपायला माझ्याकडे ध्वनिमुद्रक नाही.

१९ ऑक्टोबर, शनिवार
सगळ्या गावात रातोरात डुएनच्या नावाचे फलक उगवलेत. महिनाभरापूर्वी त्याचा एकही नव्हता. ज्यांनी अर्लीनला मत द्यायचं ठरवलं होतं, तेसुद्धा म्हणतात की म्हाताऱ्याला इतकं लागल्यावर आता त्याला पाडायचं कसं. पॉलेट माझी कॉफी न बोलता ओतते. ती अर्धाच कप भरते.

सकाळी सात वाजता वेबर रोडवर एक माणूस फलक उपटून ट्रकमध्ये टाकताना दिसला. निवडणुकीतला गैरप्रकार, आणि मी एकटा साक्षीदार. झुडपामागून लांबची लेन्स लावून सगळं टिपलं. वीस मिनिटांनी त्याने तोंड वळवलं. डुएन होता. फलक त्याचेच होते.

२७ ऑक्टोबर, रविवार
मी आता शांतपणे निरीक्षण करतो. रोंडा अर्लीनकडेच आहे. अर्लीनने आत घेतलं म्हणायचं. शर्यतीच्या दिवशी लांबून पाहिलं, रोंडा हेल्मेट घालून मोवरवर बसली होती. हसत होती बहुतेक. लांबून नक्की कळत नाही.

दिलगिरीचं पत्र लिहायला घेतलं. तिसऱ्या ओळीत सिनेमाचा हेतू समजावून सांगायला लागलो. पानं सात झाली. पाठवलं नाही.

५ नोव्हेंबर, मंगळवार
मतदान. केंद्राबाहेर शंभर फुटांवर उभा होतो. बाहेर पडणारे लोक माझ्याकडे पाहून ओळखीचं हसत होते. खाटकाने तर डोळा मारला. तीन आठवड्यांनंतर पहिल्यांदा कुणी हसलं. लोक विसरतात, माफ करतात. मोठ्या मनाची माणसं.

६ नोव्हेंबर, बुधवार, सकाळी ११
डुएन क्रोझेक विजयी. नऊ मतांनी.

काउंटीच्या कार्यालयात निकाल वाचला तेव्हा टाळी एकाचीही नाही. मग कारकून बाईने कागदाची दुसरी बाजू पाहिली. मतपत्रिकेवर स्वतःच्या हाताने नाव लिहायची सोय असते. अशी चौदा मतं निघाली होती, चौदाही लिंडेन फोर्कची. उमेदवाराची नोंदणी नसल्यामुळे बाद. नाव सहा वेगवेगळ्या तऱ्हांनी लिहिलं होतं, पण माणूस एकच. तीन मतपत्रिकांवर नुसतंच 'सिनेमावाला' होतं.

चौदा. एक क्षण, फक्त एक क्षण, मला बरं वाटलं. हे इथे लिहून ठेवतो, कारण दुसरीकडे कुठे कबूल करणार नाही.

पॉलेटला विचारलं. तिने मान खाली घालून काउंटर पुसला. म्हणाली, "सगळे क्लबचेच. सगळे अर्लीनचेच मतदार. प्रत्येकाला वाटलं, आपण एकट्यानेच गंमत केली तर काय बिघडतं." मग म्हणाली, "मीपण."

७ नोव्हेंबर, गुरुवार
डुएनकडे गेलो. ओसरीवर खोकी बांधून ठेवलेली. काय आहे विचारलं. म्हणाला, मासे धरायचं सामान. हरलो की मुलीकडे ॲरिझोनाला जायचं ठरलं होतं. तिने खोली रंगवून ठेवलीय.

"चार वर्षं," तो म्हणाला. तक्रार म्हणून नव्हे. आकडा सांगावा तसा.

म्हटलं, राजीनामा देता येईल.
"लोकांनी निवडून दिल्यावर?" तो म्हणाला. कलेसाठी मोजाव्या लागणाऱ्या किमतीबद्दल माझं एक वाक्य आहे, नेहमी उपयोगी पडतं. तिथे ते म्हणवेना. बीन्सचं सूप प्यायलो. त्याने वाढलं, मी प्यायलो, निघालो.

अर्लीनच्या घरावरून गाडी नेली. थांबलो नाही.

९ जानेवारी, गुरुवार
ब्रुकलिन. एकसष्ट तासांचं चित्रण, त्यात एकोणीस तास कावळे, झेंडे आणि बीट. दीड तासाचा कच्चा सिनेमा गॅबीला दाखवला. संपल्यावर ती बराच वेळ पेन्सिलशी खेळत बसली.

"लायनस, यात माणसं कुठायत?"
म्हटलं, अनुपस्थितीतून दिसतात.
"मला दिसतोय एक पिवळ्या जाकीटवाला."

पण मी खचलेलो नाही. सिनेमाला शेवट नाही, एवढाच दोष. शेवट येतोय. मार्चअखेर बर्फ वितळेल, नऊ नंबर तुंबलेलाच आहे, वेबर रोड बुडेल. पाण्याखाली गेलेला रस्ता, पलीकडे एकटं घर. एका शब्दाची गरज नाही. गॅबी म्हणाली एप्रिलपर्यंत थांबते, त्यानंतर ती मध्यपश्चिमेतल्या एका चीज महोत्सवाकडे वळणार आहे.

पाणी येणार. आजवर दर वर्षी आलंय.

२८ मार्च, शुक्रवार
लिंडेन फोर्क. एकटा आलो. आवाज स्वतःच घेणार, काय कठीण आहे त्यात. बर्फ झपाट्याने वितळतंय. दिवसभर ऊन. अगदी हवं तसं हवामान. मोटेलवाला म्हणाला, पूर बघायला आलात? मग हसला. उगाच.

२९ मार्च, शनिवार
पहाटे साडेपाचला वेबर रोडवर कॅमेरा लावला. चौकट सुरेख. मधोमध रस्ता, डावीकडे शेत, मागे अर्लीनचं घर.

सात वाजले. रस्ता कोरडा.
आठ. रस्ता ओला, कारण दव.
नऊला मोवर लादलेला एक ट्रेलर गेला. ड्रायव्हरने हात केला.

साडेनऊला अर्लीन आली. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, हातात मोजपट्टी, डोक्यावर काउंटीची टोपी. म्हणाली, "गाडी पुढे घे. पोकलेन वळायचाय."

मी म्हटलं, पाणी?
तिने बोटाने दाखवलं. रस्त्याच्या खालून नाला वाहत होता. रुंद, मातकट, भरभरून, आणि त्याच्या जागी.

जानेवारीच्या एक तारखेला डुएनने तिला उपायुक्त नेमलं. सह्या ठोकून दिल्या आणि हिवाळ्यापुरता ॲरिझोनाला गेला. ती डेट्रॉइटला गेली आणि त्या जमीनमालकाच्या कचेरीत थर्मास घेऊन बसली. तीन दिवस. तिसऱ्या दिवशी त्याने सही केली. फेब्रुवारीत जमीन गोठलेली असताना नाला उपसला. मोवर क्लबचे सगळे फावडी घेऊन आले होते. यातलं काहीही मी चित्रित केलेलं नाही. त्या वेळी मी ब्रुकलिनमध्ये कावळ्यांचा क्रम लावत होतो.

म्हटलं, मला पाण्यात बुडालेला रस्ता हवा होता.
"हो, पॉलेट म्हणाली," अर्लीन म्हणाली. "आता तो मिळायचा नाही."

मग मी म्हटलं, त्या दिवशी हॉलमध्ये मी जे केलं ते. पुढचं वाक्य सापडेना. सात पानं लिहिली होती, त्यातलं एकही आठवेना.

ती म्हणाली, "हं."

पलीकडच्या काठावर रोंडा उभी होती. तिच्याही पायात तसलेच बूट, हातात उंची मोजायची काठी. तिने माझ्याकडे पाहिलं, हात केला नाही. ओरडून म्हणाली, "मफलर घाल, वारा आहे."

अर्लीनला काठाची लांबी घ्यायची होती आणि तिसरा माणूस आला नव्हता. तिने मोजपट्टीचं टोक माझ्या हातात दिलं. म्हणाली, "इथे धर. ताणून. आणि बोलू नकोस, तिला आकडे ऐकू यायला पाहिजेत."

सव्वाबारापर्यंत धरून उभा होतो. बोटं बधिर झाली. एकशे चौदा फूट, मग सत्याण्णव, मग एकशे तीन. रोंडा लिहून घेत होती.

आजचं चित्रण: काही नाही.